पडद्यामागची वेशभूषाकार
दिल्लीच्या थंडीत चित्रित झालेल्या 'गांधी'ने कोल्हापूरच्या एका चित्रकाराच्या मुलीला ऑस्करपर्यंत नेले. हा मार्ग आजच्या मुलींसाठीही खुला आहे.

'मला सिनेमात काम करायचंय,' असे मुलीने म्हटले की घरातले दचकतात. सिनेमा म्हणजे नटी होणे, एवढेच बहुतेकांना ठाऊक असते. पण कॅमेऱ्यासमोर एक माणूस उभा राहतो तेव्हा त्याच्यामागे कितीतरी माणसे राबत असतात. वेशभूषाकार त्यांपैकीच एक.

31 जानेवारी 1981. दिल्लीचा राजपथ, म्हणजे आजचा कर्तव्यपथ. गांधीजींची अंत्ययात्रा 33 वर्षांपूर्वी ज्या तारखेला निघाली, त्याच तारखेला रिचर्ड अॅटनबरो यांनी ती पुन्हा उभी केली. तीन लाखांवर माणसे जमली होती. पडद्यावर मात्र हे दृश्य काही मिनिटांतच संपते.

कोल्हापूर ते ऑस्कर

या चित्रपटाच्या वेशभूषेची जबाबदारी भानू अथैया यांच्याकडे होती. माहेरच्या त्या राजोपाध्ये. जन्म 1929 चा, कोल्हापूरचा. चित्रकार वडील लहानपणीच वारले. मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयात शिकून त्यांनी महिलांच्या मासिकांसाठी फॅशनची चित्रे काढली. 'सी.आय.डी.' (1956) हा त्यांच्या सुरुवातीच्या चित्रपटांपैकी एक.

'गांधी'ची कथा 1893 ते 1948 अशी 55 वर्षांची. बॅरिस्टरचा कोट-टाय, मग काठियावाडी पोशाख आणि शेवटी आखूड पंचा. माणूस आतून कसा बदलत गेला, ते संवाद नसतानाही कपडे सांगतात. कस्तुरबांच्या साड्यांतही तसाच बदल हवा होता. ही भूमिका दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकलेल्या रोहिणी हट्टंगडी यांनी केली.

एप्रिल 1983 मध्ये भानूताईंना जॉन मोलो यांच्यासह ऑस्कर मिळाले. ऑस्कर मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय. पुढे 'लेकिन' आणि 'लगान'साठी राष्ट्रीय पुरस्कारही मिळाले. आपल्यानंतर ऑस्करची बाहुली नीट सांभाळली जावी, म्हणून 2012 मध्ये त्यांनी ती अकादमीकडेच परत सोपवली. 2020 मध्ये त्यांचे निधन झाले.

काम असते तरी काय?

सुंदर कपडे शिवून घेणे हा या कामाचा लहानसा भाग. आधी पटकथा वाचून प्रत्येक पात्राचे प्रसंगवार कपडे लिहून काढावे लागतात. चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही. दार उघडण्याचे दृश्य आज झाले, तर आत शिरण्याचे महिन्याने होऊ शकते. तेव्हा बाहीची घडी किंवा उघडे बटण तसेच्या तसे हवे. म्हणून फोटो काढून नोंदी ठेवतात. मारामारीच्या दृश्यासाठी एकाच शर्टाच्या चार-पाच प्रती लागतात. गरीब शेतकऱ्याचा नवा सदरा चहाच्या पाण्यात बुडवून, दगडाने घासून जुना करावा लागतो. ही सारी मेहनत प्रेक्षकाला जाणवली नाही, तरच ती साधली म्हणायची.

दिल्लीत या कामाला बाजार जवळ आहे. चांदणी चौकातल्या किनारी बाजारात गोटा-जरी मिळते, कटरा नीलमध्ये कापड आणि कॅनॉट प्लेसच्या खादी भवनात खादी. चित्रीकरणासाठी नोएडाची फिल्म सिटी आहे.

शिक्षण कुठे?

राष्ट्रीय नाट्य विद्यालयाच्या तीन वर्षांच्या अभ्यासक्रमात रंगभूषा, वेशभूषा, नेपथ्य यांचेही शिक्षण मिळते. कापड आणि शिवण यांचा पाया पक्का करायचा तर 'निफ्ट' आहे. दिल्लीत ती 1986 मध्ये सुरू झाली. शिक्षणानंतर सुरुवात मात्र सहायक म्हणूनच होते. इस्त्री करा, गाठोडी मोजा, पहाटे सेटवर हजर राहा!

या व्यवसायाची दुसरी बाजूही पालकांनी समजून घ्यावी. पगारी नोकरी क्वचितच मिळते. एक काम संपले की दुसरे शोधावे लागते, पैसे उशिरा येतात, रात्री-अपरात्री घरी परतावे लागते. म्हणून कामाचा मोबदला, तास आणि येण्या-जाण्याची सोय आधीच लेखी ठरवून घ्यावी. त्यात संकोच कसला?

चित्रकलेची आवड, इतिहास वाचण्याची सवय आणि चिकाटी असलेल्या मुलीला 'हे आपले क्षेत्र नव्हे' असे सांगून गप्प बसवू नका. पुढच्या वेळी चित्रपट संपला की लगेच उठू नका. शेवटी सरकणारी नावे मुलीसोबत बसून वाचा. त्यातले एखादे काम कदाचित तिचीच वाट पाहत असेल.