मुक्त जगाच्या दाराची कडी

गेल्या चातुर्मासातील गोष्ट. संध्याकाळचे प्रतिक्रमण आटोपून आलेल्या माझ्या मातोश्रींनी नातवाच्या खांद्यावरून टॅबलेटच्या पडद्याकडे पाहिले आणि विचारले, "तू तिथे कोणाला मारतोस का रे?"

बारा वर्षांच्या नातवाने मान वर न करता उत्तर दिले, "नाही दादी, मी गहू पेरतोय."

मार्केट यार्डातील भुसार बाजारात ज्या घराच्या तीन पिढ्या गेल्या, त्या घराला याहून समाधानकारक उत्तर कोणते असणार? मातोश्री माळ घेऊन आत गेल्या. माझे मात्र समाधान झाले नाही. पडद्याच्या कोपऱ्यात चार खेळाडूंची नावे दिसत होती. एक चिरंजीवांचे, दोन माझ्या भाचरांची. चौथे नाव घरात कोणाच्याच ओळखीचे नव्हते.

आपल्या समाजातील बहुतेक घरांत मोबाइलवरील खेळांची चर्चा दोनच प्रश्नांभोवती फिरते: किती वेळ खेळतो आणि किती पैसे घालवतो. दोन्ही प्रश्न रास्तच आहेत. परंतु तिसरा प्रश्न, म्हणजे तो कोणाबरोबर खेळतो आणि ती मंडळी तिथे आली कशी, हा आपण क्वचितच विचारतो. दुकानात नवा माणूस आला तर त्याचे गाव, घराणे, कोणाच्या ओळखीने आला हे विचारल्यावाचून आपण त्याला गादीवर बसवत नाही. मुलाच्या खेळात आलेल्या माणसाला मात्र आपण नावही विचारत नाही.

मुलगा खेळत होता तो खेळ म्हणजे माइनक्राफ्ट. स्टॉकहोमच्या मोजांग या कंपनीने तो 2011 मध्ये पूर्ण स्वरूपात बाजारात आणला, 2014 मध्ये मायक्रोसॉफ्टने ती कंपनी अडीच अब्ज डॉलरला विकत घेतली आणि 2023 पर्यंत या खेळाच्या तीस कोटींहून अधिक प्रती खपल्या होत्या. अशा खेळांना मुक्तविश्व खेळ म्हणतात. त्यात ठरलेली वाट नसते, पटावरची घरे नसतात. डोंगर, नद्या, जंगले यांचे अफाट जग समोर पसरलेले असते आणि कोठे जायचे, काय बांधायचे, हे खेळणाऱ्याने ठरवायचे. हे जग एकट्याचे असू शकते किंवा अनेकांचे. अनेकांचे झाले की त्याला दार येते. दार आले की कडीचा प्रश्न येतोच.

आपल्या पिढीला या प्रकाराची ओळख झाली ती पब्जीमुळे. शंभर अनोळखी खेळाडू एका बेटावर उतरतात आणि शेवटी जो एकटा उरतो तो जिंकतो, असा तो खेळ. 2 सप्टेंबर 2020 रोजी केंद्र सरकारने 118 अ‍ॅपवर बंदी घातली, त्यांत पब्जीही होता. पुढे 2021 मध्ये तो भारतापुरत्या नव्या नावाने परतला आणि अठरा वर्षांखालील मुलांसाठी दिवसाला तीन तासांची मर्यादा त्यात आली. तिथे कोणाबरोबर खेळायचे हे बव्हंशी यंत्रच ठरवते. बटण दाबले की मंडळी हजर. आता तर आपल्या पुण्यातच असे खेळ घडतात. येथील सुपरगेमिंग या कंपनीचा 'इंडस' ऑक्टोबर 2024 मध्ये आला, तोही याच जातीचा. याउलट माइनक्राफ्टमध्ये मंडळी आपण शोधायची आणि जमवायची असतात. त्यामुळे पालकाला हात घालायला तिथे जागा आहे. फक्त ती कोठे आहे हे ठाऊक हवे.

मी ते मुलाकडूनच शिकलो. सामील होण्याच्या मुख्य वाटा चार आहेत. पहिली घरातली: एकाच वायफायवरील दोघांपैकी एकाने आपले जग उघडले की दुसऱ्याच्या यादीत ते आपोआप दिसते. बहीणभाऊ शेजारी बसून खेळतात ते असे, आणि माझ्या मते दहा वर्षांखालच्या मुलाला एवढे पुष्कळ झाले. दुसरी वाट मित्रयादीची. एक जण यजमान होतो, आपल्या यादीतील मित्रांना बोलावतो. यजमान बाहेर पडला की सारे बाहेर. तिसऱ्या वाटेत मासिक शुल्क भरून स्वतःचे कायमचे जग भाड्याने घेता येते. मालक झोपला असला तरी ते चालू राहते आणि मालकाबरोबर एका वेळी दहा जण त्यात येऊ शकतात, अर्थात मालकाने बोलावलेलेच. चौथी वाट सार्वजनिक सर्व्हरची. पत्ता टाका किंवा यादीतून निवडा आणि आत जा. तिथे शेकडो, हजारो माणसे असतात. पहिल्या तीन वाटा म्हणजे आपले अंगण, चौथी म्हणजे जत्रा. जत्रेला जाऊच नये असे नाही, पण लहान मुलाचा हात सोडून कोणी जत्रेत जात नाही.

मुलांचा अर्धा वेळ या वाटांवर ठेच लागण्यातच जातो. माइनक्राफ्टच्या दोन आवृत्त्या आहेत: संगणकावरील जावा आणि मोबाइल, टॅबलेट, संगणक अशा सर्व यंत्रांवरील बेडरॉक. या दोन आवृत्त्यांतील खेळाडू एकमेकांच्या जगात जाऊ शकत नाहीत. माझा थोरला भाचा जावावर आणि आमचे चिरंजीव बेडरॉकवर. दोघांनी आठवडाभर एकमेकांवर 'तू मला ब्लॉक केलेस' असे आरोप केले. शिवाय एकाने खेळ अद्ययावत केला आणि दुसऱ्याने केला नाही, तरीही दार उघडत नाही. बिल एका दराचे आणि पावती दुसऱ्या दराची, असा तो घोळ.

आता त्या चौथ्या नावाकडे वळतो. मित्रयादीच्या वाटेत जग कोणाला दिसावे याचे तीन पर्याय असतात: फक्त निमंत्रित, फक्त मित्र आणि मित्रांचे मित्र. आमच्याकडे तिसरा पर्याय निवडलेला होता. व्यापाऱ्याला यातील धोका समजावून सांगण्याची गरज नाही. ओळखीच्या माणसाला आपण उधार देतो. ओळखीच्याने शिफारस केलेल्याला विचार करून देतो. पण ओळखीच्याच्या ओळखीच्याला, मधल्या माणसाला न विचारताच, कोणी माल उचलू देतो का? तो अनोळखी खेळाडू शाळेतील एका मुलाच्या यादीतून आला होता आणि त्या मुलालाही तो नेमका कोण हे माहीत नव्हते. तीन दिवस त्याने मोठ्या सौजन्याने शेतात मदत केली, कुंपण बांधून दिले. चौथ्या दिवशी त्याने खेळात वापरायची नाणी फुकट देऊ केली आणि म्हटले, "पप्पांच्या फोनवर सहा आकड्यांचा नंबर येईल, तेवढा सांग."

फोन त्या वेळी माझ्या पत्नीच्या हातात होता, म्हणून आम्ही वाचलो. मुलगा फोन मागायला निरागसपणे तिच्याकडेच गेला. रागावण्यासारखे त्याने काही केले नव्हते. तीन दिवस ज्याने कुंपण बांधून दिले तो माणूस वाईट कसा, हे त्याला समजेना. त्या रात्री तो रडला, तो नाणी गेली म्हणून नव्हे, मित्र गेला म्हणून. मला अजूनही तीच गोष्ट अधिक लागते. (ज्यांचे पैसे खरोखर गेले असतील त्यांनी लाजेखातर गप्प न बसता तत्काळ 1930 या सायबर हेल्पलाइनवर फोन करावा. वेळेवर कळवल्यास रक्कम पुढे सरकण्याआधी रोखली जाण्याची शक्यता असते.)

चूक माझीही होती. खाते उघडताना मुलाची खरी जन्मतारीख टाकली असता 'पालकांची परवानगी आवश्यक' अशी सूचना आली. दुकानात गिऱ्हाईक उभे होते. मी जन्मवर्ष बदलून टाकले आणि मुलगा कागदोपत्री एकवीस वर्षांचा झाला. खरी तारीख टाकली असती, तर ते बालखाते झाले असते आणि बाहेरच्यांबरोबर खेळू द्यायचे की नाही, कोणाशी बोलू द्यायचे, मित्र जोडू द्यायचे की नाही, हे सारे पालकाच्या खात्यातून ठरवता आले असते. आपल्या देशाचा 2023 चा वैयक्तिक डिजिटल डेटा संरक्षण कायदाही अठरा वर्षांखालील प्रत्येकाला बालक मानतो आणि पालकांच्या पडताळता येईल अशा संमतीची अपेक्षा करतो. पण पालकच जन्मवर्ष खोटे लिहू लागला तर कायदा काय करील? सत्याणुव्रताचा उच्चार करणाऱ्या घरात हे घडले, हे लिहिताना संकोच वाटतो. तरी लिहितो, कारण हे एकट्या माझ्याच घरात घडले असेल असे मला वाटत नाही.

आम्ही नवे खाते उघडले, खऱ्या तारखेने. नव्या जगाला 'फक्त निमंत्रित' ही कडी लावली. आणखी एक सोय तिथे सापडली, ती तर पेढीवाल्यानेच योजली असावी अशी आहे. आत येणाऱ्या प्रत्येकाला तीनपैकी एक दर्जा देता येतो. व्हिजिटर फक्त हिंडून पाहू शकतो, एक वीटही हलवू शकत नाही. मेंबर बांधू शकतो, खणू शकतो. ऑपरेटरच्या हाती किल्ल्या असतात. गिऱ्हाईक, मुनीम आणि शेठ! नवा आलेला प्रत्येक जण आमच्याकडे आधी गिऱ्हाईक असतो. याशिवाय खेळाडूंनी एकमेकांना इजा करू नये अशी कळही तिथे आहे. ती आम्ही फिरवली.

मातोश्रींचा प्रश्न मात्र उरलाच होता: तू तिथे कोणाला मारतोस का? पडद्यावरचे मारणे हे मारणे आहे का, हा वाद नवा वाटला तरी आपल्या परंपरेला तो अपरिचित नाही. यशोधर राजाची कथा आठवावी. सोमदेवसूरींनी दहाव्या शतकात 'यशस्तिलक' या ग्रंथात आणि पुष्पदंतांनी अपभ्रंशात ती सांगितली आहे. जिवंत प्राण्याचा बळी द्यायला राजाने नकार दिला. आईच्या आग्रहाखातर त्याने पिठाचा कोंबडा करून त्याचा बळी दिला. रक्ताचा थेंब सांडला नाही. तरीही त्या संकल्पापायी मायलेकरांना पशुयोनींत जन्मामागून जन्म भोगावे लागले. पिठाच्या कोंबड्याला जीव नव्हता, जसा पडद्यावरील मेंढीला नाही. द्रव्यहिंसा नव्हती, भावहिंसा होती.

यावर साधुसाध्वींचे मार्गदर्शन घ्यावे, मी अधिकारी नव्हे. मला मात्र खेळाखेळांत भेद दिसतो. शेवटी एकटे उरणे हाच जिथे विजय आहे, तो खेळ मला पिठाच्या कोंबड्याच्या फार जवळचा वाटतो. जुगार आणि शिकार हे दोन्ही सप्तव्यसनांत गणले आहेत. पैशांच्या ऑनलाइन खेळांवर 2025 मध्ये कायद्याने बंदी आली, म्हणजे पहिल्याची दखल संसदेने घेतली. दुसऱ्याची घरानेच घ्यायची आहे. माइनक्राफ्टमध्ये 'पीसफुल' नावाची पातळी आहे. ती निवडली की हल्ला करणारी भुते-राक्षसे जन्मतच नाहीत. प्राण्यांना मारण्याची मुभा तरी उरतेच, पण सक्ती नसते. पलंगासाठी लोकर हवी असेल तर लोखंडाची कातर करून मेंढी भादरता येते. ती पुन्हा गवत खाते आणि लोकर पुन्हा येते. हे चिरंजीवांनीच शोधले. मातोश्रींना त्याने हेही सांगून टाकले की तिथले शेतकरी गाजर, बटाटे आणि बीट पिकवतात. त्यावर त्यांचा निर्णय तत्काळ झाला: कंदमूळ नको, गहूच पेर.

त्या गव्हाचा बाजारही आहे, आणि मला त्यात जरा अधिकच रस वाटला हे कबूल करतो. गावातील शेतकरी वीस गहू घेऊन एक पाचू देतो. तोच पुढे एका पाचूला सहा पाव विकतो. एका पावाला तीन गहू लागतात, म्हणजे सहा पावांत अठरा गहू. उरलेले दोन त्याचे मार्जिन! एकच वस्तू वारंवार मागितली की तो भाव चढवतो. आणि गावकऱ्याला कोणी फटका मारला, तर त्या खेळाडूसाठी भाव वाढतात. पत गेली की दर वाढतो, हे मुलाला मी दुकानात बसवून शिकवणार होतो; तो आधीच शिकून बसला होता.

सध्या आमचे जग रविवारी सकाळी आठला उघडते. मुलगा पुण्याहून, एक भाचा लातूरहून आणि धाकटी भाची न्यू जर्सीहून येते. उन्हाळ्यात तिच्याकडे तेव्हा शनिवारच्या रात्रीचे साडेदहा वाजलेले असतात, म्हणून माझी बहीण आधी कुरकुरते आणि मग स्वतःच शेजारी येऊन बसते. वेळ 48 मिनिटांचा, सामायिकाएवढा. हे माप मातोश्रींनी घालून दिले. खेळातील एक अहोरात्र 20 मिनिटांत संपते, त्यामुळे तेवढ्यात तिथे दोन दिवस उलटून तिसरा अर्ध्याकडे आलेला असतो. जावावरच्या थोरल्या भाच्याने तक्रार करत का होईना बेडरॉक घेतले.

मी स्वतः व्हिजिटर म्हणून जातो. चालणे जमते, उडी मारणे अजून जमत नाही. कुंपणाचे फाटक बंद असले तर बाहेरच अडकतो. मागच्या रविवारी मी तसाच उभा असताना न्यू जर्सीहून आवाज आला, "मामा, बाजूला व्हा ना, मी फाटक उघडतेय."