लस दिली तरी राणीखेत का येते?

कुक्कुटपालकांची एक तक्रार नेहमी कानावर येते. "साहेब, राणीखेतची लस वेळेवर दिली, तरी पाखरं माना मुरगळून मेली. लसच बोगस होती!" लस कधी कधी खराब निघते, नाही असं नाही. पण पुष्कळदा लस चांगली असते आणि तिला ओळखणाऱ्या पेशीच पक्ष्याच्या अंगात पुरेशा उरलेल्या नसतात.

रोगजंतूच्या ज्या भागावरून शरीर त्याला परका म्हणून ओळखतं, त्या भागाला प्रतिजन म्हणतात. ही ओळख पटवणाऱ्या पांढऱ्या पेशी दोन जातींच्या, बी पेशी आणि टी पेशी. दोघींची नजर मात्र वेगळी.

आपल्या शेतातलंच बघा. पानावर बसलेली अळी उघड्या डोळ्यांनी दिसते. बी पेशीचं काम तसं आहे. रक्तात मोकळा फिरणारा जंतू तिला अख्खा, त्याच्या बाहेरच्या आकारावरून ओळखता येतो. प्रत्येक बी पेशीच्या अंगावर एकाच घडणीचे साचे असतात. ज्या पेशीचा साचा जंतूला नेमका बसला, तीच वाढते आणि त्याच साच्याची प्रतिपिंडं रक्तात सोडते. म्हणून राणीखेतची लस गंबोरोला चालत नाही. आणि याला दिवस लागतात. आज लस दिली नि उद्या पक्षी सुरक्षित झाला, असं होत नाही.

आता खोडकिडा घ्या. अळी ताटाच्या आत, ती दिसणार कशी? पण छिद्राशी भुसा दिसला की तुम्ही ओळखता. विषाणू पेशीच्या आत शिरला की बी पेशीला तो दिसत नाही. मात्र प्रत्येक पेशी आतल्या प्रथिनांचे बारीक तुकडे आपल्या पृष्ठभागावर मांडून ठेवते. टी पेशी अख्खा जंतू ओळखत नाही, हे मांडलेले तुकडेच ओळखते. काही टी पेशी अशी बाधित पेशी मारून टाकतात, तर काही बी पेशींना कामाला लावतात. ही मदत नसेल तर प्रतिपिंडं बेताचीच तयार होतात.

गंमत म्हणजे बी पेशींचा हा धागा कोंबडीनंच दाखवला. कोंबडीच्या गुदद्वाराच्या वरच्या अंगाला बर्सा नावाची छोटी पिशवी असते. ती काढलेल्या कोंबड्यांत प्रतिपिंडं नीट तयार होत नाहीत, हे अमेरिकेतल्या ओहायोमध्ये ग्लिक आणि चँग यांना दिसलं व १९५६ साली प्रसिद्ध झालं. बर्साचा 'बी', आणि मानेतल्या थायमस ग्रंथीचा 'टी'.

गंबोरोचा विषाणू नेमका याच बर्सावर घाला घालतो आणि बी पेशी मारतो. ३ ते ६ आठवड्यांच्या पिल्लांत पांढरी हगवण नि मरतूक दिसते. त्याहून लहान पिल्लांत मात्र बाहेरून फारसं काही दिसत नाही, आणि तेच जास्त घातक. पिल्लू वाढतं, खातं, पण नंतर दिलेली राणीखेतची लस ओळखायला बी पेशी पुरेशा नसतात.

म्हणून गंबोरोची लस टाळू नका. फार लवकरही देऊ नका, कारण आईकडून बलकातून आलेली प्रतिपिंडं जिवंत लसीला निकामी करतात. सर्वसाधारणपणे दोन आठवड्यांच्या सुमारास ती देतात. नेमका दिवस पिल्लं जिथून आणली त्या हॅचरीला आणि पशुवैद्यकांना विचारा. लस बर्फाच्या थर्मासमधूनच आणा. पाण्यातून देणार असाल तर त्या पाण्यात क्लोरीन नको. लिटरला २ ते ३ ग्रॅम साय काढलेल्या दुधाची पावडर घाला, आणि पाखरांना आधी तासभर तहानलेलं ठेवा, म्हणजे पाणी लवकर संपेल.

हा विषाणू शेडमध्ये महिनोन् महिने टिकतो. जुन्या गादीवर नवी बॅच सोडू नका. गादी बाहेर काढून शेड धुवा, निर्जंतुक करा, मग काही दिवस रिकामी ठेवा.

आणि मेलेलं पाखरू उकिरड्यावर फेकू नका. ताजं असतानाच दवाखान्यात नेऊन शवविच्छेदन करून घ्या. बर्सा सुजलेली आहे की आक्रसलेली, हे डॉक्टरांना तिथंच दिसतं, आणि दोष लसीचा की गंबोरोचा हे शोधायला त्याची मोठी मदत होते.