नजफ ते करबला: चहाच्या किटल्यांमागची माणसं

इराकातल्या नजफहून करबलेला जाणाऱ्या रस्त्याकडेच्या खांबांना १४५२ पर्यंत आकडे घातलेत. लाखोंच्या गर्दीत चुकामूक झाली की खांबाचा आकडा सांगून माणसं एकमेकांना गाठतात. पैगंबरांचे नातू इमाम हुसेन यांच्या करबलेतल्या शहादतीच्या चाळिसाव्यासाठी, म्हणजे अरबईनसाठी, बहुतेक जण हे अंतर तीनेक दिवसांत चालतात.

मी मात्र बराच वेळ एका मौकिबात बसून होतो. मौकिब म्हणजे कुण्या घराने किंवा टोळीने वाटेवर घातलेला सेवेचा मांडव. निखाऱ्यांवर काजळलेल्या किटल्यांची रांग. ओतणारा आधी कमरेत बारीक असलेल्या, बिनकानाच्या पेल्यात साखर टाकतो, मग वरून काळाभोर चहा सोडतो. रिकामा पेला विसळला की लगेच पुढच्याच्या हाती. पैसे काढले तर त्यांना वाईट वाटतं. ‘हला बीकुम, या जुव्वार!’ अशी हाक सारखी चालू. या, यात्रेकरूंनो, या.

बाथ पक्षाच्या, पुढे सद्दामच्या, राजवटीत या चालण्यावर बंदी होती. १९७७ साली ती मोडून निघालेल्यांवर लष्कर घातलं गेलं. २००३च्या एप्रिलमध्ये ती राजवट कोसळली आणि काही दिवसांतच रस्ता पुन्हा माणसांनी भरला. सीमेपलीकडच्या इराण्यांनाही धीर धरवेना. १९८०-८८च्या इराण-इराक युद्धात सीमेवरच्या मेहरानच्या आसपास पेरलेले सुरुंग तसेच होते. कागदपत्रांविना त्या माळांतून निघालेल्यांपैकी काहींचा जीव गेला. आज त्याच मेहरानच्या नाक्यावरून यात्रेकरूंचे लोंढे इराकात उतरतात.

त्या युद्धात इराणने आपल्या कितीतरी मोहिमांना करबलेचं नाव दिलं होतं. इथे पोहोचायची आस धरून पोरं आघाडीवर गेली, ती परतली नाहीत. आता त्यांच्या आया चालतात. एकीच्या पाठपिशवीवर मुलाचा फोटो टाचलेला होता, मिसरूडही न फुटलेला. चहा ओतणारा साठीचा गृहस्थ त्याच युद्धात इराकी फौजेत होता. त्याने फोटो पाहिला, काय ते ओळखलं आणि बायकोला हाक मारली. तिने आजींना आतल्या तंबूत नेलं, पाय कोमट पाण्यात सोडायला लावले, फोडांना मलम लावलं.

दोघींना एकमेकींची भाषा येत नव्हती. त्यावाचून काही अडलंही नाही. वैर मिटल्याच्या घोषणा दोन्ही सरकारांनी केल्या असतील. मला ते मिटताना दिसलं ते या तंबूत. आणि हे फुकटात होत नाही. ही माणसं वर्षभर पोटाला चिमटा घेऊन साखर, तांदूळ, मेंढ्यांचे पैसे साठवतात. ‘रात्री मुक्कामाला इथेच राहा,’ म्हणून त्या गृहस्थाने आजींच्या जथ्याला गळ घातली आणि मुलाला गाद्या टाकायला पिटाळलं.