गडावर जाऊन आलो, म्हणजे कुठे?

यवतमाळात कुणी ‘गडावर जाऊन आलो’ म्हणालं, तर कोणता गड, हे विचारावं लागत नाही. आर्णी, मग धनोडा, मग पैनगंगेचा पूल आणि पलीकडे माहूर. पूल ओलांडला की जिल्हा बदलतो, नांदेड लागतं, कागदावर मराठवाडा सुरू होतो. पण आमच्याकडच्या कितीतरी घरांची कुलदेवता तिथे आहे. लग्न झालं की जोडपं आधी तिकडे जातं. लेकराचं जावळ, फेडायचा नवस, नव्या गाडीची पूजा, सगळ्यांसाठी रस्ता एकच.

गंमत पुढे आहे. गडावर जाऊन आलेल्या दहा माणसांपैकी नऊ जणांनी गड पाहिलेलाच नसतो. ती रेणुकेच्या पायऱ्या चढतात, ओटी भरतात, तांबूल घेतात आणि उतरतात. शेजारच्या डोंगरावर काळपट तटबंदी दिसते, बुरूज दिसतात. तो खरा किल्ला, रामगड. तिकडे बोट दाखवून ‘ते काय आहे’ असं लेकरानं विचारलं, तर आईबापाला नीट सांगता येत नाही. ‘गड’ हा शब्द किल्ल्यावरून उठून देवीच्या डोंगरावर जाऊन बसला आहे. हे कसं झालं, हे समजून घेतलं तर या मुलखाचा सातआठशे वर्षांचा इतिहास हाती लागतो.

माहूर हे डोंगरांचं गाव. रेणुका, दत्त आणि अनसूया अशी तीन शिखरं, खाली जंगल आणि भोवती वळसा घेऊन जाणारी पैनगंगा. गावाजवळ डोंगरात कोरलेली लेणी आहेत, लोक त्यांना पांडवलेणी म्हणतात. म्हणजे किल्ल्याचं नाव इतिहासात यायच्या कितीतरी आधीपासून इथे माणसं देवासाठी दगड कोरत होती. किल्ला मुळात गोंड राजांचा, असं या भागात सांगतात. आजही नदीच्या दोन्ही काठांवर गोंड आणि कोलामांची वस्ती आहे, आणि माहूरशी त्यांचं नातं तुटलेलं नाही.

यादवांच्या काळात माहूरचं नाव मराठी भाषेच्या अगदी पाळण्याजवळ ऐकू येतं. महानुभाव पंथाच्या पाच कृष्णांत श्रीदत्तात्रेय प्रभूंचं स्थान माहूर. फलटणचे चक्रपाणी इथे आले, दत्तात्रेय त्यांना वाघाच्या रूपात भेटले आणि डोक्यावर पंजा ठेवून शक्ती दिली, अशी पंथाची श्रद्धा आहे. चौदाव्या शतकात रवळोव्यासांनी ‘सह्याद्रिवर्णन’ लिहिलं ते याच डोंगराबद्दल. त्यांच्या लेखी माहूर किल्ला नव्हता, ज्ञान मिळण्याची जागा होती. महानुभावांचं देवदेवेश्वराचं मंदिर आजही गर्दीनं भरलेलं असतं, आणि त्या गर्दीत पंजाबातून आलेली माणसंही भेटतात.

मग बहमनी आले. १४२५ च्या सुमारास अहमदशहा बहमनीने माहूर घेतलं. फरिश्त्याच्या तवारिखेत माहूरपाठोपाठ कळंबचंही नाव येतं. आपल्या यवतमाळ जिल्ह्यातलं कळंब ते हेच, असं अभ्यासक मानतात. पुढे बहमनी वजीर महमूद गावानने मोठमोठे सुभे तोडले, तेव्हा वऱ्हाडाचे दोन भाग केले: उत्तरेला गाविलगड आणि दक्षिणेला माहूर. अर्ध्या वऱ्हाडाचं नाव माहूर होतं, हे आज कुणाला सांगितलं तर खरं वाटत नाही. त्या अर्ध्या वऱ्हाडाचा कारभार खुदावंदखान नावाच्या हबशी सरदाराकडे, म्हणजे आफ्रिकी वंशाच्या माणसाकडे होता. नंतर इमादशाही, १५७४ मध्ये निजामशाही आणि १५९६ मध्ये मोगल. अबुल फजलने ‘आईन-इ-अकबरी’त वऱ्हाडच्या सरकारांची, म्हणजे महसुली विभागांची यादी दिली, त्यात माहूरही आहे आणि कळंबही. उमरखेड-पुसदचा मुलूख माहूर सरकारातलाच. त्यानं माहूरबद्दल लिहिलेला तपशील मला फार मोलाचा वाटतो. डोंगरावर मजबूत किल्ला आहे, असं तो लिहितो, आणि लगेच पुढे, जवळच देवीचं देऊळ आहे. बादशहाच्या दप्तरातसुद्धा किल्ल्याची नोंद देवीशिवाय पुरी होत नव्हती.

मोगलाईत किल्ल्याचा मान मोठा होता. शहाजहान गादीवर बसण्याआधी बापाविरुद्ध बंड करून दक्षिणेत आला, तेव्हा जड सामान आणि हत्ती त्यानं माहूरला उदाराम देशमुखाच्या हवाली केले होते. त्याच देशमुखांच्या घरातली सावित्रीबाई म्हणजे रायबाघन. लढाईतल्या पराक्रमाबद्दल औरंगजेबानं तिला हा किताब दिला. १६६१ च्या फेब्रुवारीत मोगल सरदार कारतलबखानासोबत ती उंबरखिंडीत उतरली. वर चारही बाजूंना शिवाजी महाराजांची माणसं, खाली अडकलेलं मोगली सैन्य. तेव्हा शरण जाण्याचा शहाणपणाचा सल्ला खानाला याच बाईनं दिला, हे कवींद्र परमानंदानं ‘शिवभारता’त सांगितलं आहे. माहूरच्या एका डोंगरावर देव वाघ होऊन येतो आणि दुसऱ्या डोंगरावरच्या बाईला बादशहा वाघीण म्हणतो. असा योग मला दुसऱ्या कुठल्या गावात सापडलेला नाही.

किल्ला आणि देवी यांचं माहूरमधलं नातं नीट कळायला इथे थोडं दूर जायला हवं, ग्रीसमध्ये. अथेन्सचा अॅक्रोपोलिस, म्हणजे शहराच्या मधोमध असलेला डोंगरी बालेकिल्ला. इ.स.पू. ४८० मध्ये इराण्यांनी तो जाळला. त्या राखेवर इ.स.पू. ४४७ मध्ये अथीना देवीच्या पार्थेनॉन मंदिराचं काम सुरू झालं. पुढे रोमन साम्राज्य ख्रिस्ती झालं आणि त्याच मंदिराचं मेरीमातेचं चर्च झालं. कुमारी अथीनेच्या जागी कुमारी मेरी आली, डोंगर कुमारीचाच राहिला. १२०४ नंतर पश्चिमेकडचे ख्रिस्ती सरदार आले, चर्च रोमन पंथाचं झालं. १४५८ मध्ये किल्ला तुर्कांच्या हाती पडला, चर्चची मशीद झाली, मिनार उभा राहिला. २६ सप्टेंबर १६८७ रोजी व्हेनिसच्या फौजेचा तोफगोळा तिथल्या दारूगोळ्यावर पडला आणि दोन हजार वर्षं टिकलेली इमारत मधोमध फुटली.

याहून मोठा बदल मात्र शांततेच्या काळात झाला. १८३३ मध्ये तुर्की शिबंदी किल्ला सोडून गेली. नव्या ग्रीक राज्याला आपण कोण, याचं उत्तर हवं होतं, आणि ते त्यानं पार्थेनॉन उभारणाऱ्या पेरिक्लीसच्या काळात शोधलं. मग मधली सगळी शतकं उचकटून काढली गेली. तुर्कांची घरं पाडली, पार्थेनॉनच्या पोटातली लहान मशीद काढली, १८७५ मध्ये मध्ययुगीन मनोराही उतरवला. आज जगभरचे लोक पाहतात तो शुभ्र, मोकळा, जणू कालच ग्रीकांनी सोडून दिलेला डोंगर ही एकोणिसाव्या शतकाची निवड आहे. देखणी निवड आहे, पण तिच्यासाठी दीडएक हजार वर्षांची वस्ती पुसावी लागली.

अथेन्सला देव आणि सत्ता एकाच डोंगरावर होते. जो जिंकेल त्यानं देवळात आपला देव बसवायचा, असा तिथला क्रम. माहूरला दोघांचे डोंगर वेगळे. एका डोंगरावर बहमनी गेले, इमादशहा आले, मोगल आले, हैदराबादचा निजाम आला. समोरच्या डोंगरावर तीच देवी, तोच शेंदूर. मला वाटतं, माहूरचं सगळं वेगळेपण या दोन डोंगरांमधल्या दरीत आहे.

आणि ती देवी तरी कशी? तिला धड नाही. सहस्रार्जुनानं जमदग्नींना मारलं, परशुराम कावडीत आईबापाला घेऊन कोरी भूमी शोधत इथे आला, दत्तात्रेयांनी सांगितलेल्या जागी अग्नी दिला आणि माता सती गेली. पुढे तिच्या आठवणीनं तो व्याकूळ झाला, तेव्हा ती जमिनीतून वर येऊ लागली. मागे पाहू नकोस म्हटलं असताना त्यानं पाहिलं, म्हणून मुखच वर आलं. तो हा तांदळा. तेलंगणातून येणारे तिला एल्लम्मा म्हणतात, बंजारा तांड्यांवरून येणारे याडी म्हणतात, गोंधळी गोंधळाचं आवतण देताना तिचं नाव घेतातच. देवळाच्या परिसरात ठक् ठक् आवाज सतत चालू असतो, खलात पानं कुटण्याचा. नागवेलीचं पान, कात, सुपारी, बडीशेप, सगळं एकजीव होऊन हिरवट-तांबडा गोळा होतो. हाच तांबूल तिचा प्रसाद. कागदात बांधून दिलेली ती ओलसर पुडी आमच्या शेजारीपाजारी वाटली जायची आणि जीभ लाल झाली की घरात कळायचं, कुणीतरी गडावर जाऊन आलं.

सत्तेचा डोंगर ओस पडत गेला त्याला कारणं आहेत. १८५३ मध्ये निजामानं वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात दिला आणि पैनगंगा सरहद्द झाली. अलीकडे उमरखेड-पुसदला इंग्रजी अंमल, पलीकडे माहूरला निजामाचा. किल्ला राज्याच्या कोपऱ्यात पडला, त्याचं लष्करी काम संपलं. यात्रेकरूंनी मात्र ही सरहद्द कधी मानली नाही, ते नदी उतरून जातच राहिले. १७ सप्टेंबर १९४८ ला निजामी संपली, १९५६ मध्ये किनवट-माहूरचा मुलूख आदिलाबादेतून निघून नांदेडला जोडला गेला. शतकभरात इतक्या राजवटी नि इतके जिल्हे बदलले, पण ओटी तीच राहिली. ज्या डोंगरावर रोज माणसं जात होती, ‘गड’ हे नाव त्याच्याकडे गेलं. कळंबचंही तसंच. अकबराच्या दप्तरातलं सरकार गेलं, आज कळंब म्हटलं की चिंतामणी गणपती.

रामगडावर मी दोनदा तास-दीड तास फिरलो. हत्ती दरवाजातून आत गेलं की आवाजच बंद होतात. तटाच्या सांध्यांतून पिंपळाची रोपं फुटली आहेत, त्यांची मुळं चिरे हलवतात. आत महाकालीचं देऊळ आहे, मशीद आहे, महालांच्या पडक्या भिंती आहेत, तलाव आहे. इथे कुणी काही पुसलं नाही, कुणी काही जपलंही नाही, म्हणून सगळी शतकं शेजारी शेजारी उभी आहेत. ती पिंपळाची रोपं वेळीच काढायला हवीत. गोंड, हबशी, देशमुख, मोगल यांच्यापैकी एकालाच मालक ठरवून बाकीच्यांचे दगड हलवू नयेत, असंही मला कळकळीनं वाटतं. पाटी लावायची तर सगळ्यांची नावं घेणारी लावा, आणि रायबाघनचं नाव वर असू द्या.

उतरेपर्यंत दिवस कलला होता. समोरच्या डोंगरावर दिवे लागले, वाऱ्याबरोबर ‘उदो’ ऐकू आला. खाली बसची वाट पाहत उभा होतो, तर बाजूला बसलेल्या आजींनी विचारलं, “गडावर जाऊन आला का बाबू?” मी हो म्हणालो, तर त्यांनी माझ्या कपाळाकडे पाहिलं. कुंकू नव्हतं. त्यांनी पदराची गाठ सोडली आणि चिमूटभर तांबूल माझ्या हातावर ठेवला.