नदीच्या वाटा आणि नकाशाच्या तारखा

सर्वेक्षक जेम्स रेनेलचा बंगालचा नकाशासंग्रह १७८०च्या सुमारास प्रसिद्ध झाला, तेव्हा त्यात तिस्ता नदी दक्षिणेकडे वाहत जाऊन गंगेला मिळत होती. १७८७च्या महापुरात तिने ती वाट सोडली आणि पूर्वेकडे वळून ब्रह्मपुत्रा गाठली. पुढच्या काही दशकांत ब्रह्मपुत्राही मधुपूरच्या उंचवट्याच्या पूर्वेकडून पश्चिमेकडे आली. त्या नव्या पात्राला आज बांगलादेशात जमुना म्हणतात. रेनेलची मोजणी काटेकोर होती, पण ती त्याच्या काळातल्या नदीची होती.

अशा प्रदेशाला एका तारखेचा नकाशा पुरत नाही. अनेक काळांतले काठ एकाच कागदावर दाखवणारा कालनकाशा हवा. सर्वेक्षक, भूशास्त्रज्ञ आणि महसुली मोजणी करणारे अमीन यांनी हे काम गेल्या अडीचशे वर्षांत तुकड्यातुकड्यांनी केले आहे. त्यातून एक स्वतंत्र विद्या उभी राहावी असे मला मनापासून वाटते, कारण लाखो माणसांचे घरदार तिच्यावर अवलंबून आहे.

या कामाचा सर्वांत देखणा नमुना अमेरिकेत आहे. हॅरल्ड फिस्क या भूशास्त्रज्ञाने मिसिसिपीच्या खालच्या खोऱ्यावर १९४४ साली अहवाल दिला. हवाई छायाचित्रे आणि जमिनीत भोके पाडून काढलेले मातीचे नमुने यांवरून त्याने नदीची जुनी वळणे शोधली आणि प्रत्येक काळाला निराळा रंग दिला. त्याने ठरवलेला कालक्रम पुढच्या अभ्यासकांनी बराच सुधारला. नदीचा इतिहास एका कागदावर मांडण्याची रीत मात्र टिकली.

आपल्याकडे कोसी हे याचे सर्वांत कठोर उदाहरण. हिमालयातून अफाट गाळ आणणारी ही नदी पात्र भरले की सखल बाजूला सरकते. दोन-अडीच शतकांत ती शंभराहून अधिक किलोमीटर पश्चिमेकडे सरकली. विसाव्या शतकाच्या मध्यानंतर तिला दोन तटबंधांमध्ये बांधले गेले. गाळ आतच साचत राहिला आणि पात्र आजूबाजूच्या जमिनीहून उंच झाले. १८ ऑगस्ट २००८ रोजी नेपाळमधल्या कुसहा येथे तटबंध फुटला आणि नदी पूर्वेच्या जुन्या वाटांनी बिहारमध्ये उतरली. ३० लाखांहून अधिक लोकांना त्याची झळ बसली. त्या वाटांवर वस्ती वाढू देताना नदीचा इतिहास विचारात घेतलाच गेला नव्हता.

मालकीचा प्रश्न याहून गुंतागुंतीचा आहे. बंगालसाठी केलेल्या १८२५च्या अकराव्या रेग्युलेशनने एक तत्त्व घालून दिले. गाळ हळूहळू साचून वाढलेली जमीन लगतच्या धारकाची. पण नदीने एकाएकी वाट बदलली आणि तुटलेली जमीन ओळखू येत असेल, तर ती मूळ मालकाचीच. म्हणजे काठ किती सरकला याबरोबर तो किती वेगाने सरकला हेही सिद्ध करावे लागते. ते सिद्ध करायला आधीच्या आणि नंतरच्या, तारीख असलेल्या मोजण्या हव्यात. त्या नसल्या, की चरावर, म्हणजे नदीच्या गाळातून वर आलेल्या जमिनीवर, ज्याचे लाठीबळ मोठे त्याचा दावा खरा ठरतो.

मुंबईत माणसानेच पाणी हटवले. सात बेटांमधल्या खाड्या टप्प्याटप्प्याने बुजवल्या गेल्या. हॉर्नबी वेलार्ड या बांधाने वरळीकडची भरती अडवली. भरतीच्या वेळी मुसळधार पाऊस झाला की बुजवलेल्या खाड्यांच्या जागचे सखल भाग तुंबतात. म्हणून पर्जन्यजलवाहिन्या आखणाऱ्यांच्या टेबलावर जुन्या किनाऱ्यांचा नकाशाही असला पाहिजे.

साधने आता मुबलक आहेत. लँडसॅट उपग्रहांची मालिका १९७२ पासून पृथ्वी टिपते आहे. युरोपीय आयोगाच्या संयुक्त संशोधन केंद्राने १९८४ ते २०१५ या काळातल्या सुमारे ३० लाख प्रतिमांवरून जगातल्या भूपृष्ठावरच्या पाण्याचा नकाशा २०१६ मध्ये मांडला. पाणी कुठे नव्याने आले, कुठून गेले, हे त्यात ३० मीटरच्या बारकाव्याने दिसते.

पण उपग्रहाला काठ दिसतो, त्या काठावर शेत कोणाचे होते ते दिसत नाही. ते जुन्या दप्तरांत आणि गावातल्या वडीलधाऱ्यांच्या आठवणीत असते. या तिन्ही पुराव्यांची सांगड घालणे हेच कालनकाशाचे खरे काम. नदीकाठच्या प्रत्येक महसुली नकाशावर मोजणीची तारीख ठळक असावी, आधीचे काठ त्याच कागदावर असावेत आणि तो कागद शेतकऱ्याला त्याच्या भाषेत विनामूल्य मिळावा. जमीन नदीने नेली, तरी त्या जमिनीवरचा त्याचा हक्क कागदाअभावी बुडू नये.