बाळाचं नाव ठेवताय? आधी उर्दू हिज्जे पाहा

घरात बाळ आलं की नावांची यादी आता मोबाइलवरच निघते. फूफी एक नाव पाठवते, मामू दुसरं. अर्थही सोबत तयार असतो. तो खरा आहे का, हे मात्र थोडेच पालक तपासतात. वाशिम असो की कारंजा, पहिलीच्या दाखल्याच्या वेळी आम्ही नावाचा अर्थ विचारतो, तेव्हा "मोबाइलवर पाहिला होता" हेच उत्तर जास्त मिळतं.

घोळ कुठे होतो?

उर्दूतली से, सीन आणि स्वाद ही तीन अक्षरं देवनागरीत एकाच 'स'ने लिहिली जातात. अलिफ आणि ऐनचंही तेच. म्हणून मराठीत एक दिसणारं नाव मुळात दोन असू शकतं.

आसिम : ऐन-स्वादने लिहिलं तर वाचवणारा, रक्षण करणारा. अलिफ-सेने लिहिलं तर गुनाहगार.

आसिया : अलिफ-सीनने फिरऔनच्या ईमानवाल्या बीवीचं नाव. ऐन-स्वादने 'नाफरमान'. हजरत उमर (रजि.) यांच्या मुलीचं हे दुसरं नाव प्रेषित (स.) यांनी बदलून जमीला ठेवलं, असं सहीह मुस्लिममध्ये आहे.

हारिस : सेने शेती करणारा, सीनने पहारेकरी. दोन्ही चांगले. आपल्या सोयाबीन-तुरीच्या जिल्ह्यात तर पहिला अर्थ जास्तच शोभतो!

दुसरा घोळ भाषेचा. शबनम, परवीन, शाहीन ही नावं फारसी आहेत. त्यात वाईट काही नाही, पण त्यांना 'कुरआनी नाव' म्हणणं चूक. आणि शब्द कुरआनात आला म्हणजे तो नाव म्हणून चालतोच असंही नाही. कारून आणि हामानही कुरआनात आहेत. 'अयान'चा अर्थ मोबाइलवर 'अल्लाहची देणगी' दिसतो. उर्दूत त्याचा अर्थ आहे उघड, स्पष्ट दिसणारं.

तपासायचं कसं?

1. नाव आधी उर्दूत लिहून घ्या. हिज्जे कळल्याशिवाय अर्थ शोधू नका.
2. उर्दूसाठी फीरोजुल्लुगात, अरबीसाठी मिस्बाहुल्लुगात उघडा. मोबाइलच हवा असेल तर रेख्ताचा शब्दकोश पाहा. तिथे शब्द उर्दू आणि देवनागरी दोन्हीत मिळतो.
3. शंका राहिली तर मदरशातल्या उस्तादांना हिज्जे दाखवून विचारा. फोनवर नुसतं नाव सांगून उपयोग नाही.
4. ओळखीचा शब्द असेल तर काम सोपं होतं. मंगरुळपीरच्या दादा हयात कलंदर यांच्या नावातला 'हयात' घ्या. पेन्शनवाले नाना दरवर्षी 'हयातीचा दाखला' देतात, तोच हा शब्द : जीवन.

वेळ किती आहे?

सातव्या दिवशी अकीका आणि नाव, ही सुन्नत. म्हणजे तपासायला आठवडा मिळतो. बाळ येण्याआधीच सुरुवात केली तर आणखी बरं. जन्माची नोंद 21 दिवसांत करायची असते. त्या वेळी नाव ठरलं नसेल तर नोंदणीपासून 12 महिन्यांच्या आत ते विनाशुल्क टाकता येतं. त्यामुळे घाईत चुकीचं नाव लिहून देऊ नका. 1 ऑक्टोबर 2023 पासून जन्मलेल्या मुलांसाठी शाळा प्रवेशापासून आधारपर्यंत जन्मदाखलाच मुख्य पुरावा आहे. तिथली एका अक्षराची चूक पुढे प्रत्येक कागदावर जाते.

म्हणून नगरपरिषदेत किंवा ग्रामपंचायतीत जाताना नाव उर्दू, मराठी आणि इंग्रजी तिन्हीत एका चिठ्ठीवर लिहून न्या. दाखला हातात आला की तिथेच उभं राहून तो चिठ्ठीशी ताडून पाहा. ती चिठ्ठी जपून ठेवा; आधारला आणि शाळेतही तेच स्पेलिंग द्या.