बिदागी ते रॉयल्टी : गायकाच्या मिळकतीची कथा

संगीतावर आपल्याकडे पुष्कळ लिहिले जाते. रागांची लक्षणे, घराण्यांची वैशिष्ट्ये, बुवा-खाँसाहेबांच्या लहरींच्या आख्यायिका यांची चर्चा कधी संपत नाही. परंतु गायकाचा चरितार्थ कसा चालत असे, त्याला पैसा कोण देत असे, आणि देणारा त्या पैशात नेमके काय विकत घेत असे, हा प्रश्न सहसा कोणी विचारीत नाही. कलेच्या संदर्भात पैशाचे नाव काढणे आपल्याला थोडे अप्रशस्त वाटते. वास्तविक पैसा देणारा बदलला की गाणेही बदलते आणि त्या गाण्यावरची मालकीही बदलते. ही गोष्ट समजून घ्यायची तर ग्वाल्हेरपासून आरंभ करणे सोयीचे. या अंकात मराठी आणि कन्नड विभाग शेजारी शेजारी असतात; ग्वाल्हेरची गायकीही दक्षिणेत आली ती या दोन भाषांच्या मुलखातच. तेव्हा हा विषय आपल्या वाचकांना परका वाटू नये.

ग्वाल्हेरची कीर्ती जुनी आहे. राजा मानसिंह तोमराच्या काळात (१४८६ ते १५१६) तेथे ध्रुपदाला राजाश्रय लाभला. तानसेनाची समाधीही तेथेच आहे. पुढे शिंद्यांच्या राज्यात, एकोणिसाव्या शतकात, हे शहर ख्यालगायकीचे माहेरघर बनले. नत्थन पीरबक्ष यांचे नातू हद्दूखाँ, हस्सूखाँ आणि नत्थूखाँ यांनी ही गायकी घडविली. त्यांच्याविषयी एक आख्यायिका प्रसिद्ध आहे. बडे महंमदखाँ यांची तानबाजी विलक्षण होती आणि ती इतर कोणाच्या हाती लागू नये याविषयी ते दक्ष असत. तेव्हा तरुण हद्दू-हस्सूंना आडोशाला बसवून ते गाणे ऐकविण्यात आले आणि दोघांनी ते जसेच्या तसे उचलले, असे सांगतात.

या गोष्टीकडे अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याने जरा निराळ्या दृष्टीने पाहावे. दरबारी गवयाचे भांडवल म्हणजे त्याची गायकी. तिला बाजार नव्हता; गिऱ्हाईक एकच, आणि ते म्हणजे दरबार. गायकी दुर्मीळ राहिली तरच तनखा मोठा. म्हणून चिजा लपवून ठेवणे, शागिर्दाला वर्षानुवर्षे सेवा करावयास लावणे, घराण्याबाहेर विद्या न जाऊ देणे, या गोष्टींना केवळ कोतेपणा म्हणता येत नाही. कायद्याने संरक्षण नसलेल्या मालमत्तेचे ते राखण होते.

या राखणीतूनही विद्या बाहेर पडली, आणि त्यात मराठी विद्यार्थ्यांचा वाटा मोठा आहे. हस्सूखाँचे शिष्य वासुदेवबुवा जोशी यांच्याकडे मिरजेजवळच्या बेडग गावचे बाळकृष्णबुवा (१८४९ ते १९२६) शिकले. पुढे ते इचलकरंजीस स्थायिक झाले आणि ग्वाल्हेरची गायकी कृष्णाकाठी आली. त्यांचे शिष्य नीलकंठबुवा मिरजकर यांच्याकडे मल्लिकार्जुन मन्सूर यांचे आरंभीचे शिक्षण झाले. सावंतवाडीकडचे रामकृष्णबुवा वझे ग्वाल्हेरला निसार हुसेनखाँकडे शिकले आणि अखेरीस बेळगावात राहिले. गदगचे भीमसेन जोशीही गुरूच्या शोधात घरातून निघाले ते बालवयातच ग्वाल्हेरला पोहोचले होते.

एकच गिऱ्हाईक असण्यात धोकाही असतो. १८८६ साली जयाजीराव महाराज निवर्तले. त्यानंतर निसार हुसेनखाँनी दरबार सोडला आणि आपले शिष्य शंकरराव पंडित यांच्या घरी ते राहिले. दरबार सुटला तेव्हा उस्तादाला आधार मिळाला तो शिष्याच्या घरचा. याच शंकररावांचे चिरंजीव कृष्णराव शंकर पंडित यांनी १९१४ साली ग्वाल्हेरला संगीत विद्यालय काढले. १९१८ साली भातखंड्यांच्या मार्गदर्शनाखाली आणि माधवराव शिंदे यांच्या आश्रयाने माधव संगीत विद्यालय सुरू झाले. त्याआधीच, १९०१ साली, बाळकृष्णबुवांचे शिष्य विष्णु दिगंबर पलुस्कर यांनी लाहोरला गांधर्व महाविद्यालयाची स्थापना केली होती. आता पैसा देणारा राजा नव्हता. देणग्या देणारे नागरिक आणि शुल्क भरणारे विद्यार्थी यांच्यावर विद्यालये उभी राहिली. जी विद्या लपवून ठेवण्यात किंमत होती, ती आता शिकविण्यात किंमत आली. हा बदल सुखाचाच झाला असे नव्हे. पलुस्करांच्या मुंबईतील विद्यालयाची इमारत अखेर कर्जापायी लिलावात गेली.

दुसरा मार्ग तिकिटाचा. बेळगाव जिल्ह्यातील गुर्लहोसूरचे अण्णासाहेब किर्लोस्कर यांनी १८८० साली पुण्यात ‘संगीत शाकुंतल’ रंगभूमीवर आणले आणि गाण्याला एक नवा आश्रयदाता मिळाला. हा आश्रयदाता म्हणजे तिकीट काढून येणारा प्रेक्षक. भास्करबुवा बखले, वझेबुवा यांच्यासारख्या गवयांनी नाटकांना चाली दिल्या. रागदारी सामान्य माणसाच्या ओठांवर गेली ती या नाटकांमुळे. बालगंधर्वांनी १९१३ साली स्वतःची मंडळी काढली. तिचा लौकिक अफाट होता, तशीच कर्जेही होती. ‘अयोध्येचा राजा’ १९३२ साली पडद्यावर आला आणि बोलपटांचे युग सुरू झाल्यावर नाटक मंडळ्यांचे दिवस फिरले.

येथे एक तत्त्व ध्यानात घेतले पाहिजे. विल्यम बॉमोल आणि विल्यम बोवेन या अमेरिकन अर्थशास्त्रज्ञांनी १९६६ साली ते मांडले. गिरणीत यंत्रे सुधारली की त्याच कामगाराच्या हातून कापड अधिक निघते, त्यामुळे मजुरी वाढली तरी कापड महाग होत नाही. गाण्याचे तसे नाही. विलंबित ख्याल मांडावयास हद्दूखाँना जेवढा वेळ लागत असेल, तेवढाच तो आजच्या गायकालाही लागतो. बाकीचे जग झपाट्याने उत्पादन वाढवीत असता गायक एका रात्री एकच बैठक करू शकतो. त्याची मिळकत त्याच्या गळ्याने आणि दिवसाच्या तासांनी बांधलेली असते.

ही मर्यादा प्रथम मोडली ती तबकडीने. १९०२ साली फ्रेड गैसबर्ग या तंत्रज्ञाने कलकत्त्यात गौहरजान यांचे गाणे मुद्रित केले. १९०८ मध्ये ग्रामोफोन कंपनीने कलकत्त्यातच तबकड्यांचा कारखाना सुरू केला. आरंभी पुष्कळ उस्ताद आपला आवाज यंत्राच्या स्वाधीन करण्यास कचरले. पेशेवर गायिकांनी मात्र ही संधी घेतली. तबकडीची एक बाजू जेमतेम तीन मिनिटांची. तासभर चालणारा ख्याल त्या तीन मिनिटांत बसविणे हे एक नवेच कसब होते. हुबळीच्या गंगूबाई हनगल यांच्या पहिल्या तबकड्या ‘गांधारी’ या नावाने निघाल्या. मन्सूरांच्याही १९३० नंतरच्या दशकात निघाल्या. मिरजेत राहणाऱ्या अब्दुल करीमखाँचा आवाज गदगच्या बाजारात वाजला आणि तो ऐकून लहानग्या भीमसेनाला गाण्याचे वेड लागले. पूर्वी जे आडोशाला लपून ऐकावे लागे, ते आता कोणीही कितीही वेळा ऐकू शकत होता.

परंतु अर्थकारणाचा खरा पेच येथूनच सुरू होतो. पहिली तबकडी तयार करण्यास खर्च फार. त्यानंतरची प्रत्येक प्रत स्वस्त. म्हणजे नफा साठतो तो प्रतींमध्ये. त्या प्रती ज्याच्या कारखान्यात निघतात आणि ज्याच्या दुकानांतून खपतात, त्याच्याकडे तो जातो. गायकाने एकदाच बिदागी घेऊन आवाज दिला असेल, तर त्याने विकलेला असतो एका दिवसाचा वेळ, आणि कंपनीने विकत घेतलेली असते अनेक वर्षांची मिळकत. या दोहोंतील फरक म्हणजे रॉयल्टीचा प्रश्न.

हा प्रश्न केवळ आपलाच नव्हे. दक्षिण आफ्रिकेतील सॉलोमन लिंडा या झुलू गायकाने १९३९ साली जोहान्सबर्गच्या गॅलो कंपनीसाठी ‘म्बूबे’ हे गाणे मुद्रित केले. त्याचे हक्क त्याने अवघ्या दहा शिलिंगांना देऊन टाकले, असे सांगतात. पुढे त्याच चालीवर ‘द लायन स्लीप्स टुनाइट’ हे अमेरिकन गीत झाले, १९६१ साली ते जगभर गाजले आणि १९९४ च्या ‘द लायन किंग’ या चित्रपटातही आले. लिंडा मात्र १९६२ साली दारिद्र्यात वारला. त्याच्या मुलींना २००६ साली तडजोडीने काही न्याय मिळाला. त्याला आधार ठरला तो १९११ च्या ब्रिटिश कायद्यातील एका जुन्या तरतुदीचा. लेखकाच्या मृत्यूनंतर पंचवीस वर्षांनी हक्क वारसांकडे परत यावेत, अशी ती तरतूद होती. एका ओळीच्या कायद्याने केवढा फरक पडतो, हे यावरून दिसते.

आपल्याकडे स्वातंत्र्यानंतर दरबारांची जागा काही अंशी आकाशवाणीने घेतली. धारवाड केंद्र १९५० साली सुरू झाले. श्रवणचाचणी घेऊन कलावंतांच्या श्रेणी ठरू लागल्या आणि श्रेणीनुसार मानधन मिळू लागले. रक्कम मोठी नसे, पण ती ठरलेली असे, आणि ती मिळण्यासाठी कोणाची मर्जी सांभाळावी लागत नसे.

चित्रपटांत पैसा होता, पण मालकीचा तंटाही तेथेच पेटला. १९६० नंतरच्या काही वर्षांत लता मंगेशकरांनी गायकाला रॉयल्टी मिळाली पाहिजे असा आग्रह धरला; ठरलेले मानधन मिळाले की गायकाचा हक्क संपतो, असे महंमद रफींचे मत होते. या मतभेदामुळे दोघांनी काही काळ एकत्र गाणेही बंद केले होते. गीतकार-संगीतकारांच्या हक्काचा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला, आणि १९७७ च्या निकालाने चित्रपटासाठी मोबदला देऊन करवून घेतलेल्या संगीताचा पहिला मालक निर्माता ठरला.

त्याच सुमारास कॅसेट आली. तबकडीला मोठा कारखाना लागे. कॅसेटची नक्कल छोट्याशा खोलीत होई. ग्रामोफोन कंपनीचे जवळजवळ एकछत्री राज्य १९८० नंतरच्या दशकात मोडले. १९५७ च्या कायद्यानुसार पहिले मुद्रण झाल्यावर, ठरावीक रॉयल्टी भरून, तेच गीत दुसऱ्या गायकाकडून गाववून घेता येत असे. या सवलतीवर टी-सीरीजसारख्या कंपन्या वाढल्या. चोरून काढलेल्या कॅसेटही बाजारात मुबलक होत्या. पण याच स्वस्त कॅसेटने, ज्यांना मोठ्या कंपनीची पायरी सहसा चढता आली नसती त्यांचा आवाज घरोघर नेला. प्रल्हाद शिंदे, विठ्ठल उमप, आनंद शिंदे यांची लोकगीते आणि भीमगीते खेड्यापाड्यांत पोहोचली. पुण्याच्या अलूरकरांनी अभिजात संगीताच्या कॅसेट काढल्या. यंत्र स्वस्त झाले की दार उघडते. मात्र त्या दारातून चोरही आत येतो.

कायदा सावकाश जागा झाला. १९९४ पर्यंत गायकाला आपल्या गायनावर प्रयोगकर्ता म्हणून कोणताही कायदेशीर हक्क नव्हता. त्या वर्षीच्या दुरुस्तीने तो दिला. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार-संगीतकारांचा रॉयल्टीतील वाटा असा पक्का केला की तो करारातसुद्धा सोडून देता येत नाही. गायकांच्या वाट्यालाही त्याच वेळी मान्यता मिळाली.

आज तबकडी नाही, कॅसेट नाही. गाणे मोबाइलवर येते. वर्गणी आणि जाहिराती यांतून जमणारा पैसा एकत्र केला जातो आणि कोणते गाणे किती वेळा वाजले या प्रमाणात वाटला जातो. तो प्रथम हक्कधारक कंपनीकडे जातो आणि करारात असेल तेवढाच गायकाकडे येतो. अनेक सेवांमध्ये सुमारे तीस सेकंद ऐकले की एक वेळ मोजली जाते; मग गाणे तीन मिनिटांचे असो वा ख्याल पन्नास मिनिटांचा. म्हणजे दीर्घ ख्यालाला तीन मिनिटांच्या गीताइतकेच मोल. स्पॉटिफाय या सेवेने तर २०२४ पासून, वर्षभरात हजार वेळाही न वाजलेल्या ध्वनिमुद्रणाचा मोबदला देणे बंद केले आहे. तबकडीच्या तीन मिनिटांचे बंधन यंत्राचे होते. आजचे बंधन हिशेबाचे आहे.

ग्वाल्हेरला २००८ साली राजा मानसिंह तोमर यांच्या नावाचे संगीत व कला विद्यापीठ झाले आणि २०२३ साली युनेस्कोने त्या शहराची ‘संगीताचे सर्जनशील शहर’ म्हणून निवड केली. हा गौरव योग्यच आहे. परंतु शहराला मिळालेल्या मानाने तेथील तरुण गायकाचे घरभाडे भागत नाही. तंबोरा घेऊन बसणाऱ्या पुष्कळांचा संसार अजूनही शिकवण्यांवर चालतो, जसा तो शंभर वर्षांपूर्वीच्या विद्यालयांत चालत असे.

आपल्यापैकी काही जण उद्या गातील, काही चाली बांधतील, काही लिहितील. त्यांनी करारावर सही करण्यापूर्वी दोनच प्रश्न विचारावेत : मी माझा वेळ विकतो आहे की माझी मालमत्ता? आणि यापुढे निघणाऱ्या प्रत्येक प्रतीचा मालक कोण? उरलेल्यांनी श्रोते म्हणून एवढे करावे, की महाविद्यालयाच्या संमेलनात गायकाला बोलावले तर शाल-श्रीफळाबरोबर ठरलेले मानधन त्याच दिवशी द्यावे आणि त्याचे गाणे मुद्रित करून इतरांना पाठविण्यापूर्वी त्याची परवानगी घ्यावी. दरबार गेले, तरी गाणाऱ्याला आश्रय कोणी तरी द्यावाच लागतो. ती जबाबदारी आता ऐकणाऱ्यांची आहे.